याचिका मागे घ्यायची, पण दाद मागण्याचे मार्ग खुले ठेवायचे : एका वकील कार्यालयाच्या सेवेचे परीक्षण

पुण्यातील एका वकील कार्यालयाने आमच्या भागीदारी संस्थेची मुंबई उच्च न्यायालयातील रिट याचिका (उच्च न्यायालयाच्या घटनात्मक अधिकाराखाली केलेला अर्ज) मागे घेण्याचे आणि त्यानंतर कर्जवसुली न्यायाधिकरणात, म्हणजे ज्याला सगळे डीआरटी म्हणतात तेथे, अर्ज दाखल करण्याचे काम केले. त्या सेवेचे हे परीक्षण आहे. प्रकरण अद्याप न्यायाधिकरणापुढे असल्यामुळे कार्यालयाचे, बँकेचे आणि आमच्या संस्थेचेही नाव येथे देत नाही. शिवाय वकिलांनी स्वतःची जाहिरात करू नये असा बार कौन्सिल ऑफ इंडियाचा नियम आहे, त्यामुळे नाव घेऊन केलेली स्तुती त्यांच्यासाठी उलट अडचणीची ठरू शकते. माझे मत आधीच सांगून ठेवतो. याचिका मागे घेण्याचे काम या कार्यालयाने फार चोख केले, त्यानंतरचे दाखल करण्याचे काम ठीक केले, आणि बिल व अशिलाला वेळेवर निरोप कळवणे या दोन बाबतींत मात्र त्यांना बरेच सुधारण्यासारखे आहे.

पार्श्वभूमी थोडक्यात अशी. पुण्याच्या वेशीवर आमचा फॅब्रिकेशनचा छोटा कारखाना आहे आणि त्याची शेड एका सहकारी बँकेकडे गहाण आहे. हप्ते थकल्यामुळे खाते एनपीए, म्हणजे अनुत्पादक कर्ज, ठरले, बँकेने सरफेसी कायद्याच्या (न्यायालयात न जाता गहाण मालमत्तेतून कर्ज वसूल करू देणाऱ्या कायद्याच्या) कलम १३(२) खाली ६० दिवसांची मागणी नोटीस दिली आणि तिला आम्ही लेखी हरकत घेतली. अशा हरकतीला १५ दिवसांत कारणांसह उत्तर देण्याचे बंधन कलम १३(३अ) बँकेवर घालते, परंतु आम्हाला उत्तर मिळाले नाही. ६० दिवस सरल्यावर शेडच्या दारावर प्रतीकात्मक, म्हणजे केवळ कागदोपत्री, ताब्याची नोटीस चिकटवली गेली आणि नियमाप्रमाणे ती दोन वर्तमानपत्रांत प्रसिद्धही झाली. आमच्या त्या वेळच्या वकिलांनी ताबडतोब उच्च न्यायालयात रिट याचिका दाखल केली. पहिल्याच तारखेला बँकेच्या वकिलांनी पुढील तारखेपर्यंत प्रत्यक्ष ताबा घेणार नाही असे तोंडी निवेदन केले, न्यायालयाने ते नोंदवून घेतले, आणि तारखेमागून तारीख पडत गेली तसे ते निवेदनही पुढे चालू राहिले. दरम्यान प्रकृतीच्या कारणाने आमच्या वकिलांनी काम कमी केले व ना हरकत देऊन वकीलपत्र सोडले, म्हणून आम्ही या नव्या कार्यालयात गेलो.

पहिल्या भेटीत जी गोष्ट मनात भरली ती अशी, की कार्यालयाच्या प्रमुख वकील मॅडमनी आमची कहाणी ऐकण्याआधी कागद मागितले. दोन्ही नोटिसा, आमचे हरकतीचे पत्र, ते पोचल्याची टपालाची पावती, वर्तमानपत्रातील कात्रणे आणि उच्च न्यायालयाचे आजवरचे सगळे आदेश एवढे ठेवून जा, म्हणाल्या, मग बोलू. आठवडाभरात त्यांनी लेखी मत दिले. आपल्याकडे बहुतेक वकील तोंडी मत देतात आणि ते पुढे कोणालाही नीट आठवत नाही. लेखी मत देण्याची पद्धत असलेले कार्यालय मला तरी पहिल्यांदाच भेटले, आणि केवळ एवढ्यासाठी मी त्यांना एक गुण जास्त देईन.

त्या मताचा मथितार्थ आम्हाला आवडण्यासारखा नव्हता. याचिका टिकण्याची शक्यता फार कमी आहे असे त्यात स्पष्ट लिहिले होते. सरफेसी कायद्यातील कारवाईविरुद्ध कलम १७ खाली डीआरटीकडे जाण्याचा स्वतंत्र मार्ग असताना उच्च न्यायालयाने रिट अधिकार वापरण्याचे टाळावे, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१० मध्ये युनायटेड बँक ऑफ इंडिया विरुद्ध सत्यवती टंडन या निकालात ठामपणे सांगितले आहे व पुढेही तेच अनेकदा बजावले आहे. पर्यायी उपाय असणे हा रिट याचिकेला अडथळा असला, तरी तो पूर्ण अडथळा नाही, हे १९९८ च्या व्हर्लपूल निकालाने मान्य केलेले आहे. मूलभूत हक्कांचा भंग, नैसर्गिक न्यायाची पायमल्ली, अधिकारक्षेत्राचा पूर्ण अभाव किंवा कायद्याच्या वैधतेलाच आव्हान, असे काही असेल तर उच्च न्यायालय हात घालू शकते. परंतु हरकतीला उत्तर न देणे हा आमचा मुख्य मुद्दा डीआरटी स्वतः तपासू शकते, त्यामुळे त्या अपवादांचा आधार आम्हाला मिळणे अवघड होते. सहकारी बँकेला सरफेसी कायदा लागूच होत नाही, हा याचिकेतील दुसरा मुद्दा तर ५ मे २०२० रोजीच संपलेला होता. त्या दिवशी पांडुरंग गणपती चौगुले विरुद्ध विश्वासराव पाटील मुरगूड सहकारी बँक या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने सहकारी बँकांना हा कायदा वापरता येतो असा निर्णय दिला. मुरगूडच्या बँकेवरून देशभराचा प्रश्न सुटला, ही गोष्ट कोल्हापूरकडच्या माझ्या मेहुण्याला सांगितली तेव्हा त्याला उगाचच अभिमान वाटला.

इथपर्यंतचे कोणत्याही चांगल्या वकिलाला सांगता आले असते. या कार्यालयाचे वेगळेपण पुढे दिसले. याचिका टिकणार नसेल तर ती मागे घ्यावी हे आम्हाला पटले होते, आणि मागे घेणे म्हणजे एक अर्ज किंवा एक तोंडी विनंती, एवढीच आमची समजूत होती. खालच्या न्यायालयात एक पुरसिस, म्हणजे लेखी निवेदन, दिली की दावा निघतो, हे आम्ही पाहिलेले होते. मॅडमनी मात्र आम्हाला बसवून जवळजवळ पूर्ण दुपारभर हे समजावले की याचिका कोणत्या शब्दांत मागे घेतली जाते यावर पुढे काय शिल्लक राहते हे ठरते, आणि आम्ही फी द्यायची ती मुख्यतः त्या शब्दांसाठी.

त्यांनी सांगितलेले मी माझ्या शब्दांत मांडतो. दिवाणी दाव्यासाठी नियम स्पष्ट आहे. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २३ नियम १ प्रमाणे वादी आपला दावा केव्हाही सोडून देऊ शकतो, पण नवा दावा आणण्याची परवानगी न घेता सोडला तर त्याच विषयावर त्याला पुन्हा दावा करता येत नाही. अशी परवानगीही मागितली की मिळते असे नाही. दाव्यात काही औपचारिक दोष असून त्यामुळे तो फेटाळलाच जाईल, किंवा नव्याने दावा आणू देण्यास पुरेसे कारण आहे, असे न्यायालयाचे समाधान व्हावे लागते. रिट याचिकेला ही संहिता थेट लागू होत नाही, कारण तिच्याच कलम १४१ च्या स्पष्टीकरणात राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खालील, म्हणजे उच्च न्यायालयाच्या रिट अधिकारातील, कार्यवाही वगळलेली आहे. तरीही सर्वोच्च न्यायालयाने १९८६ मध्ये सरगुजा ट्रान्सपोर्ट सर्व्हिस या प्रकरणात सार्वजनिक धोरणाचा आधार घेऊन हेच तत्त्व रिट याचिकांना लावले. परवानगी न घेता मागे घेतलेली याचिका त्याच कारणावर उच्च न्यायालयात पुन्हा आणता येणार नाही, नाहीतर एका पीठापुढे रंग दिसेना म्हणून माघार घ्यायची आणि दुसऱ्या पीठापुढे नशीब आजमावायचे, असा प्रकार सुरू होईल, असा त्यामागचा विचार आहे.

येथे त्यांचा प्रामाणिकपणा मला विशेष जाणवला. सरगुजा निकालाचे भय दाखवून त्यांना काम मोठे करता आले असते. उलट त्यांनी स्वतःहून सांगितले की त्याच निकालात, अशी माघार म्हणजे दावा किंवा अन्य कायदेशीर उपायांना बंदी नव्हे, हेही म्हटलेले आहे. म्हणजे परवानगीचा शब्दही न मागता याचिका मागे घेतली असती, तरी डीआरटीचे दार आमच्यासाठी बंद झाले नसते. ‘मग मुभा कशाला मागायची?’ असे मी विचारले. त्यावर त्या म्हणाल्या, ‘दार उघडे असणे वेगळे आणि आत गेल्यावर तुमचे ऐकून घेतले जाणे वेगळे. मला तुमची मुदत, तुमचे मुद्दे आणि तुमची शेड, तिन्ही सांभाळायची आहेत.’ पुढचे सगळे काम या एका वाक्याभोवती झाले, म्हणून या तिन्हींविषयी थोडे सविस्तर लिहितो.

सर्वांत नाजूक होती ती मुदत. कलम १७ खालील अर्ज ताब्याची कारवाई झाल्यापासून ४५ दिवसांत करायचा असतो. आमची याचिका त्या मुदतीत दाखल झाली होती, परंतु ती प्रलंबित असताना ४५ दिवस केव्हाच उलटून गेले होते. दिवाणी दाव्यात तर आदेश २३ चा नियम २ असे सरळ सांगतो की नवा दावा आणण्याची परवानगी मिळाली, तरी मुदतीच्या दृष्टीने पहिला दावा जणू झालाच नव्हता असे धरायचे. म्हणजे मुभा मिळाल्याने गेलेले दिवस परत येत नाहीत. त्यावर उतारा मुदत कायद्याच्या कलम १४ मध्ये आहे. चुकीच्या ठिकाणी, पण सद्भावनेने आणि काळजीपूर्वक दाद मागण्यात गेलेला काळ, अधिकारक्षेत्राचा दोष किंवा तशाच स्वरूपाच्या कारणामुळे ते न्यायालय प्रकरण ऐकू शकत नसेल तर, मुदतीच्या हिशेबातून वगळता येतो. हे कलम न्यायालयांना उद्देशून असले, तरी त्यामागचे तत्त्व अन्य प्राधिकरणांपुढील कार्यवाहीलाही लावता येते, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१५ च्या एम. पी. स्टील कॉर्पोरेशन निकालात म्हटले आहे. मुदत कायद्याच्याच कलम ५ खाली विलंब माफ होतो तो न्यायाधिकरणाच्या मर्जीने. कलम १४ चा आधार लागू झाला, तर तो काळ मोजायचाच नसतो. हा फरक मला आधी कोणी सांगितला नव्हता.

आता गंमत अशी, की कलम १४ साठी याचिका का मागे घेतली हे कोठेतरी नोंदलेले असावे लागते. नुसते ‘याचिकाकर्त्यांच्या विनंतीवरून याचिका मागे घेतली म्हणून निकाली’ एवढेच आदेशात आले, तर न्यायाधिकरणात बँकेचे वकील म्हणणार की हे आपणहून निघून गेले, येथे अधिकारक्षेत्राचा प्रश्न आलाच कोठे? म्हणून पर्यायी उपाय असल्याचा आक्षेप बँकेने घेतला, न्यायालयाने त्याकडे लक्ष वेधले आणि त्या कारणाने याचिका मागे घेतली जात आहे, ही साखळी आदेशात दिसली पाहिजे असा मॅडमचा आग्रह होता. याचिका कोणत्या तारखेला दाखल झाली आणि ती आजपर्यंत प्रलंबित होती, हेही त्यात यावे अशी त्यांची इच्छा होती. विलंब माफ केला असे उच्च न्यायालय लिहिणार नाही, कारण तो प्रश्न न्यायाधिकरणाचा आहे, ही मर्यादाही त्यांनी आधीच सांगून ठेवली होती. त्यामुळे आदेश वाचताना आमचा अपेक्षाभंग झाला नाही.

मुद्द्यांचे काम तुलनेने सोपे होते. न्यायालयाने गुणदोषांवर एक वाक्य जरी लिहिले असते, तरी ते पुढे प्रत्येक ठिकाणी आमच्या गळ्यात पडले असते. त्यासाठी दोन्ही पक्षांचे सर्व मुद्दे खुले ठेवले आहेत, असे वाक्य आदेशात असणे आवश्यक होते, आणि हे वाक्य दोन्हीकडच्या वकिलांना सोयीचे असल्यामुळे त्याला सहसा कोणी विरोध करत नाही. येथे मी एक सूचना केली होती. दिवाणी दाव्याची मुभाही स्पष्ट नाव घेऊन मागावी, म्हणजे सगळेच मार्ग मोकळे राहतील, असे मला वाटत होते. मॅडमनी ती सूचना नाकारली. सरफेसीच्या कलम ३४ ने अशा बाबतींत दिवाणी न्यायालयाचे अधिकारक्षेत्र काढून घेतले आहे आणि न्यायालयाने मुभा दिली म्हणून नसलेला उपाय निर्माण होत नाही. उलट असा शब्द घालायला गेले तर समोरचे वकील त्यावर हरकत घेतील, न्यायालय कलम ३४ विषयी काही बोलून जाईल, आणि नको तो मुद्दा नोंदीवर येईल. ‘कलम १७ खाली, तसेच कायद्यानुसार उपलब्ध असलेले अन्य उपाय’ एवढेच पुरे, असे त्यांचे म्हणणे होते. अशिलाने सुचवलेला प्रत्येक शब्द मसुद्यात घालून देणारे वकील पुष्कळ भेटतात. कारण सांगून नकार देणारे कमी, आणि माझ्या मते ते जास्त फी घेण्यास पात्र असतात.

शेडचा प्रश्न तातडीचा होता. आम्हाला मिळालेले संरक्षण म्हणजे बँकेच्या वकिलांचे निवेदन, आणि ते याचिकेबरोबर जिवंत होते. याचिका संपली की त्याच संध्याकाळी निवेदन संपले. दुसऱ्या दिवशी बँकेने जिल्हाधिकाऱ्यांच्या आदेशाने प्रत्यक्ष ताबा घेण्याची तजवीज केली असती, तर डीआरटीत अर्ज क्रमांक पडेपर्यंत शेडला कुलूप लागले असते. म्हणून न्यायाधिकरणाकडे जाण्यापुरते काही दिवस तेच निवेदन चालू राहावे, अशी विनंती करायची असे ठरले. ही विनंती मान्य होईलच असे नाही, पर्यायी उपायाकडे पाठवताना काही पीठे संरक्षण देतात, काही देत नाहीत, हे सांगून त्यांनी डीआरटीचा अर्ज, त्यातील अंतरिम दिलाशाचा अर्ज आणि विलंबाविषयीचा अर्ज, तिन्ही सुनावणीच्या आधीच तयार करून ठेवले. याचिका मागे घेण्यापूर्वी पुढचे कागद टेबलावर तयार असणे ही या सेवेतील मला सर्वांत जास्त आवडलेली गोष्ट.

आणखी एक दक्षता उल्लेखनीय वाटते. याचिकाकर्ते आम्ही तिघे होतो: संस्था, मी आणि जामीनदार म्हणून माझी वहिनी. दिवाणी दाव्यात बाकीच्या वादींच्या संमतीशिवाय एकट्याने दावा मागे घेण्याची परवानगी न्यायालय देऊ शकत नाही, असा आदेश २३ मध्येच नियम आहे, आणि त्याच धर्तीवर कार्यालयाने तिघांची स्वतंत्र लेखी सूचना घेतली. वहिनींना मराठीत वाचून दाखवून, त्यांच्या शंका ऐकून, मग सही घेतली. ‘भाऊजी सांगतील तसं,’ असे वहिनी म्हणाल्या, तेव्हा मॅडमनी, ‘भाऊजींचं राहू द्या, जामीन तुम्ही आहात, तुम्हाला कळलं का ते सांगा,’ असे म्हणून पुन्हा पहिल्यापासून समजावले. घरातल्या बाईची सही ही केवळ कागदाची पूर्तता मानण्याची सवय आपल्याकडे इतकी मुरलेली आहे, की हा प्रसंग येथे नोंदवणे मला आवश्यक वाटते.

सुनावणीच्या दिवशी आमचे प्रकरण बोर्डावर, म्हणजे त्या दिवसाच्या प्रकरणांच्या यादीत, बरेच खाली होते आणि जेवणाच्या सुट्टीनंतर ते पुकारले गेले. मॅडमनी उभे राहताच माघारीची विनंती केली नाही. याचिकेतील हरकतीचे पत्र आणि त्याला उत्तर न मिळाल्याची बाब त्यांनी दोन वाक्यांत मांडली. बँकेच्या वकिलांनी अपेक्षेप्रमाणे कलम १७ चा आक्षेप घेतला आणि सत्यवती टंडनचे नाव घेतले. पीठाने, हे सगळे तुम्ही न्यायाधिकरणापुढे का मांडत नाही, असे विचारले. कोर्टाचा कल दिसला तो क्षण हाच होता, आणि मॅडमनी त्याच क्षणी, पीठाने आदेश तोंडी सांगून लिहवून घेण्यास सुरुवात करण्यापूर्वी, अशिलांच्या सूचनेवरून कलम १७ खाली दाद मागण्याच्या मुभेसह याचिका मागे घेण्याची परवानगी मागितली. बँकेचा आक्षेप आणि पीठाची विचारणा दोन्ही नोंदीवर यावीत म्हणून आधीची दोन वाक्ये होती, हे मला बाहेर आल्यावर उमगले. आणखी पाच मिनिटे युक्तिवाद रेटला असता तर कदाचित कारणांसहित फेटाळणी पदरी पडली असती. आदेश लिहवून घेणे सुरू झाल्यावर माघारीची विनंती करणाऱ्यांना न्यायालये सहसा ती सवलत देत नाहीत.

बँकेच्या वकिलांनी संरक्षणाच्या विनंतीला विरोध केला. मॅडमनी डीआरटीच्या अर्जाची तयार प्रत वर करून दाखवली आणि फार दिवस नकोत, दोन आठवडे पुरेत, असे सांगितले. पीठाने दोन आठवडे दिले. त्यानंतर आपोआप संरक्षण संपेल आणि या मुदतीचा अर्थ गुणदोषांवर मत असा होणार नाही, हेही आदेशात आले. याचिका प्रलंबित असल्याचा काळ विलंबाचा प्रश्न आल्यास न्यायाधिकरणाने कायद्यानुसार विचारात घ्यावा, असे वाक्य पीठाने स्वतःच्या शब्दांत घातले. आम्ही मागितलेल्या शब्दांपेक्षा ते थोडे कमी होते, पण कामाचे होते.

आदेश संकेतस्थळावर आल्याबरोबर कार्यालयाने तो ओळ न् ओळ तपासला. त्यात कलमाचा आकडा किंवा तारीख चुकली असेल, तर मुंबई उच्च न्यायालयात ‘स्पीकिंग टू मिनिट्स’साठी (आदेशातील चूक दुरुस्त करण्यासाठी) प्रिसिपी, म्हणजे छोटी लेखी विनंती, देऊन ती दुरुस्त करून घेता येते, आणि हे काम लगेच केले तर सोपे, महिन्यांनी केले तर डोकेदुखी, असे त्यांच्या ज्युनिअरने समजावले. आमच्या आदेशात दुरुस्तीची गरज पडली नाही. आदेशाच्या अधिप्रमाणित प्रतीवर सर्व संबंधितांनी कार्यवाही करावी, हे नेहमीचे शेवटचे वाक्य त्यात असल्यामुळे सर्टिफाइड कॉपीसाठी थांबावे लागले नाही, आणि संरक्षणाची मुदत संपायच्या बरीच आधी पुण्याच्या डीआरटीत अर्ज दाखल झाला.

मात्र या टप्प्यावर कामाची पकड सैल झालेली दिसली. विलंबाच्या अर्जाच्या मसुद्यात ताबा नोटिशीची तारीख म्हणून ती वर्तमानपत्रात छापून आल्याची तारीख टाकलेली होती. ४५ दिवसांचा हिशेब ज्या तारखेवर उभा, तीच तारीख चुकीची असणे हे हलक्यात घेण्यासारखे नाही. प्रतिज्ञापत्रावर सही करण्यापूर्वी वाचताना ते माझ्या लक्षात आले आणि ज्युनिअरने लगेच दुरुस्तही केले, पण मॅडमच्या हाताखालून गेलेल्या उच्च न्यायालयाच्या कागदांत अशी चूक दिसली नव्हती. यावरून माझा तर्क असा, की मोठ्या व्यक्तीचे लक्ष उच्च न्यायालयाकडे आणि न्यायाधिकरणाचे काम नवशिक्यांकडे, अशी तेथील वाटणी असावी. त्यात आश्चर्य नाही, पण अशिलाला तसे आधी सांगायला हवे.

बिलाविषयी माझी तक्रार जास्त गंभीर आहे. लेखी मताची फी, मसुद्याची फी आणि हजेरीची फी हे आकडे आधी ठरले होते आणि त्यांत बदल झाला नाही. न्यायाधिकरणाचे शुल्कही नेमके लावले होते. कर्जदाराच्या अर्जाला येणे रक्कम १० लाख किंवा अधिक असेल तर ५,००० रुपये आणि १० लाखांवरील प्रत्येक लाखाला किंवा त्याच्या भागाला २५० रुपये, कमाल १ लाख रुपये, असा नियम आहे. त्याप्रमाणे ४० लाखांच्या येण्यावर १२,५०० रुपये होतात, आणि तेवढेच बिलात होते. परंतु क्लार्केज (कारकुनाचे शुल्क), टायपिंग, झेरॉक्स, प्रवास आणि ‘इतर’ या सगळ्यांची एकच गोळाबेरीज देण्यात आली. तपशील मागितल्यावर तो मिळाला, तरी मागावा का लागावा? शब्दाशब्दाला एवढे जपणाऱ्या कार्यालयाने स्वतःच्या बिलात ‘इतर’ लिहावे, हे मला पटलेले नाही.

निरोपाची व्यवस्थाही कच्ची आहे. तारखेच्या आदल्या रात्रीपर्यंत बोर्ड कळत नाही हे मान्य, पण प्रकरण पुढे ढकलले गेल्याचे अशिलाला ई-कोर्ट्सच्या ॲपवरून कळावे आणि कार्यालयाकडून दुसऱ्या दिवशी, हे बरे नव्हे. मॅडम स्वतः फोन घेत नाहीत. ज्युनिअर घेतात, पण ‘विचारून सांगतो’ यापलीकडे त्यांना अधिकार नसतो. लेखी मत इंग्रजीत दिले गेले आणि मराठीत समजावून सांगण्यास त्यांनी भरपूर वेळ दिला, ही भरपाई समाधानकारक होती.

हे कार्यालय कोणाला उपयोगी पडेल, याविषयी माझे मत असे. ज्यांची याचिका चुकीच्या दारात उभी आहे आणि सन्मानाने, काही न गमावता तेथून बाहेर पडायचे आहे, त्यांनी अशाच प्रकारचे, म्हणजे आधी कागद वाचून लेखी मत देणारे, कार्यालय शोधावे आणि पहिल्या भेटीत मुदत, मुद्दे व अंतरिम संरक्षण या तिन्हींचे काय होणार हे विचारावे. उत्तर ‘मागे घेऊ, मग बघू’ असे आले, तर उठून यावे. ज्यांचा दावा सुरुवातीपासून न्यायाधिकरणातच चालायचा आहे, त्यांनी मात्र तेथे रोज उभे राहणारा वकील पाहावा. तो कमी फीत आणि जास्त लक्ष देऊन काम करील असे मला वाटते. आम्ही स्वतः पुढील कामासाठी याच कार्यालयाकडे राहिलो आहोत, परंतु डीआरटीतील प्रत्येक मसुदा सही करण्यापूर्वी दोन दिवस आधी हातात मिळावा आणि बिलातील प्रत्येक खर्च स्वतंत्र ओळीत यावा, या दोन अटी त्यांनी लेखी मान्य केल्यानंतरच.